खाटेवरचे टिकाराम

"पण शेजारच्या पंचफुलावहिनीच्या हातची सांबारवडी वेगळीच," असं टिकारामजी पाहुण्यांसमोर बोलून गेले आणि कॅम्प-१ वस्तीतल्या त्या घरात अबोला सुरू झाला. नवराबायकोचा सगळा व्यवहार लेकीमार्फत चाले. "तुह्या बाबाले सांग, चहा झाला." "तुह्या मायले सांग, ठेव म्हणा." आठवडाभर निरोप पोचवून प्रेरणा मेटाकुटीला आली होती.

प्रेरणा सिनेमावाल्यांसाठी खोट्या जखमा, खोटे हातपाय, खोटी माणसं बनवायची. उद्याच्या शूटिंगमध्ये एक म्हातारा मचाणावरून पडायचा होता, आणि तोंडावर प्लास्टर थापू देणारा म्हातारा तिच्या ओळखीत एकच होता. बाबांच्या चेहऱ्याचा साचा घेऊन तिने सिलिकॉनचा पुतळा केला. धड नुसतं फोमचं, म्हणून गळ्यापर्यंत चादर घालून, भिंतीकडे तोंड करून त्याला खाटेवर निजवलं. एक हात बाहेर वाळत ठेवला आणि ती मागच्या खोलीत त्याचे पाय रंगवत बसली.

रुक्माबाई महिला मंडळातून आल्या. नवरा पाठ करून पडलेला. त्यांना नवल वाटलं नाही, आठवडाभर हेच दिसत होतं.

"चहा ठेवू का?" त्यांनी विचारलं.

प्रेरणाचा ब्रश थांबला. सांगायला हवं होतं, पण माय पहिल्यांदा आपणहून बोलत होती. तिने ब्रश पुन्हा रंगात बुडवला.

"नका बोलू," रुक्माबाई खाटेच्या कडेला बसल्या. "चुकलं माह्यं. एका वडीसाठी मीनं लय ताणलं. पण तुमी नाही बोलत त घर खायाले उठते मले."

धीर करून त्यांनी हात धरला. तो थंडगार लागला. नाडी पाहायला जरा ओढला, तर तो त्यांच्याच हातात आला.

तो हात घेऊनच त्या शेजारच्या शेषरावांना बोलवायला धावल्या, तर दारात टिकारामजी उभे. ते बरेच आधी आले असावेत, डोळे ओले होते.

"सांबार आणला," पिशवीतली कोथिंबीर दाखवत ते पुटपुटले. "म्हटलं, तू वड्या करशील."

रुक्माबाईंनी त्यांचे दोन्ही हात चाचपून पाहिले. मग उरलेला तिसरा मागून आलेल्या प्रेरणाला दिला.

"सॉरी माँ. तू बोलून राहिली होती न, म्हणून मीनं रोकलं नाही."

सकाळी पुतळा टेम्पोत चढला. प्रेरणा दारात चप्पल घालत होती, तेवढ्यात रुक्माबाई वड्या तळून बाहेर आल्या. खाटेवर पुन्हा गळ्यापर्यंत चादर, भिंतीकडे तोंड, एक हात बाहेर.

"पुतळ्याचं पोट वरखाली नाही होत," त्या म्हणाल्या. "उठा, वड्या थंड्या होऊन राहिल्या."

"पहिले कालचं बोल न पुन्हा," चादरीतून आवाज आला.

रुक्माबाईंनी सवयीने दाराकडे पाहिलं. "प्रेरणा, तुह्या बाबाले सांग..." आणि त्या लाजून थांबल्या. "तू जाय व शूटिंगले. मी सांगतो."