समाधानी ग्राहकाचा बर्फ

परंड्याच्या बलभीम गुरुजींच्या फ्रीजमध्ये बर्फ धरू लागला. बाब गंभीर होती, कारण सदर फ्रीज 'बर्फ न धरणारा' म्हणूनच घेतला होता. त्याहून गंभीर म्हणजे, लेकीच्या साखरपुड्यातल्या गुलाबजामांसाठी भूमहून आणलेला खवा त्या बर्फाखाली गडप झाला होता. शिवांजलीचा साखरपुडा रविवारी होता.

"बटण बंद करा अन् वितळू द्या की," मथुराबाई म्हणाल्या. नवऱ्याचा संसारात किती उपयोग होतो, हे त्यांना ठाऊक होतं.

"पुरावा हाय त्यो! वितळला तर कंपनीला काय दावू?"

गुरुजी निवृत्त झाले होते, नियमातून सुटले नव्हते. त्यांनी फोन लावला.

"सर, आपल्या मॉडेलमध्ये बर्फ होत नाही," पलीकडची बाई गोड आवाजात म्हणाली.

"झालाय की वो! हात लावून उभा हाय मी."

"सर, या मॉडेलला 'बर्फ' हे सदरच नाही. आपली तक्रार 'वापरातील गैरसमज' या सदरात घेते."

दुसऱ्या दिवशी कंपनीचा कारागीर शांतलिंग आला. त्यानं बॅटरी मारून आत बघितलं. "काका, बर्फ वितळवायला आत हीटर असतो. त्यो जळालाय."

"मंग बदल की."

"बदलला असता. पर हीटर मिळतो बर्फाच्या तक्रारीला. तुमची हाय गैरसमजाची. त्यात मला निस्ती समजूत घालता येती."

आणि त्यानं ती रीतसर घातली. दार सारखं उघडू नका, गरम ठेवू नका, ओलं ठेवू नका.

"मंग ठिवायचं तरी काय? सोनं?" मथुराबाईंनी विचारलं. पण पोहे त्यांनीच केले, चहाही दिला.

जाताना शांतलिंगनं मोबाइल पुढं केला. "काका, पाच स्टार द्या. चार दिलं तरी माझा पगार कापतेत."

आपल्या घरी चहा प्यायलेल्या माणसाला एक तारा द्यायचा, हे परंड्यात कुणाच्या हातून झालेलं नाही. गुरुजींनी पाचही दिले. खाली शेऱ्याचा रकाना रिकामा होता, आणि रिकामा रकाना त्यांना जन्मात सोसला नव्हता. त्यांनी लिहिलं : 'उत्तम सेवा. फ्रीज झकास.'

बर्फ वाढतच होता. गुरुजींनी पुन्हा फोन केला.

"सर, नोंदीप्रमाणे आपण समाधानी ग्राहक आहात. समाधानी ग्राहकाची तक्रार घेता येत नाही."

"मंग मला असमाधानी करा!"

"त्यासाठी तारे परत घ्यावे लागतील. तसं केल्यास कारागिरावर कारवाई होईल. घेऊ का परत?"

गुरुजींना पोह्यांची बशी पुसून खाणारा शांतलिंग आठवला. "ऱ्हाऊ द्या," ते म्हणाले.

बाईलाही दया आली असावी. रविवारी सकाळी वरिष्ठ पाहणीला येतील, तोवर बर्फ जसाच्या तसा ठेवावा, असं तिनं सुचवलं. गुरुजी फ्रीजपुढं खुर्ची टाकून राखणीला बसले. रोज हमखास जाणारी लाइट त्या दिवसांत एकदाही गेली नाही.

रविवारी वरिष्ठ आले नाहीत, पाहुणे मात्र वेळेवर आले. त्यांच्यापुढं घाईघाईनं ढवळलेला शिरा गेला. लेकीच्या कार्यात शिरा! गुरुजींना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

सास्तूरचे व्याही वैजनाथराव मात्र खुशीत होते. "गुरुजी, पोरांच्या नव्या घराला फ्रीज घेतला. ह्योच, तुमच्यावाला. मोबाइलवर तुमचं नाव दिसलं, शेरा वाचला अन् डोळं झाकून पैसं भरलं. आता तुमीच सांगा, बर्फ तर न्हाय धरत?"

मथुराबाईंनी नवऱ्याकडं बघितलं. शिवांजलीनं बापाकडं बघितलं. गुरुजी एवढा एक शब्द खरा बोलले असते तर लेकीचा संसार वाचला असता. पण त्यांनी पाच तारे सही-शिक्क्यासारखे देऊन ठेवले होते, आणि चारचौघांत शब्द फिरवायचा कसा?

"छ्या!" गुरुजी म्हणाले. "एक नंबर हाय."

हसताय? परवा दारात जेवण घेऊन आलेल्या पोरानं मोबाइल पुढं केला, तेव्हा हातात गार पडलेलं जेवण धरून तुम्ही किती तारे दाबलेत? आता तुमच्या शेजाऱ्यानं तिथूनच जेवण मागवलंय. तुमच्या भरवशावर.