पेंडिंग नवस

हिरुळकर भाऊजी देव मानत नाहीत. देवळात हात जोडत नाहीत, कोणी तीर्थ पुढे केलं तर "सर्दी आहे" म्हणतात. अन् आमच्या बूढापारा मोहल्ल्यातल्या साऱ्यांचे राहिलेले नवस तेच फेडतात.

चेष्टा नाही करून राहिली मी. संध्याकाळी गल्लीत निघाले की दारोदारी एकच प्रश्न, "पेंडिंग आहे काय काही?" भोपाळपासून तुटून आमचं राज्य नवीन झालं तेव्हा तिथून बदलीवर इथल्या मंत्रालयात बाबू म्हणून आले होते. रिटायर होऊन जमाना झाला, पण पेंडिंग काही तोंडातून गेलं नाही.

समोरच्या गुप्ताजींच्या जावयानं प्रमोशनसाठी टक्कल बोललं होतं. प्रमोशन झालं, मग जावईबापूंना केसांची माया सुटेना. भाऊजी तलावाजवळच्या न्हाव्याकडे गेले अन् स्वतःचं टक्कल करून आले. दुसऱ्या दिवशी तीन घरचे लोक तोंड पाडून त्यांच्याकडे भेटायला, कोण गेलं म्हणून. "कोनी गेलं नाही, गुप्ताजीच्या जावयाचं प्रमोशन झालं," भाऊजी म्हणाले, अन् साऱ्यांना चहा पाजला.

किराणा दुकानवाल्या दीदीनं वर्षभर गोड सोडलं होतं. तिचे दोनच महिने निघाले, पुढचे दहा भाऊजींनी काढले. आता माझी जाऊ गॅसची टाकी वेळेवर यावी म्हणूनसुद्धा नवस बोलते. भाऊजी आहेतच ना फेडायला. लोकांचं काय, फुकटचा गडी मिळाला की भक्ती वाढते. अन् वरून त्यालाच येडा म्हणतात. मीही म्हणत होते, खोटं काहून बोलू?

आमच्याही घरचा एक राहिला होता. माझा रोहित लहानपणी टायफॉइडनं आडवा होता, तेव्हा सासूबाई बोलल्या होत्या की पोट्टा उठला तर अनवाणी जाऊन देवीची ओटी भरीन. पोट्टा उठला, शिकला, बंगलोरला गेला. मी फोनवर मराठीत बोलते, तो हिंदीत उत्तर देतो. सासूबाईंचे गुडघे गेले, आता खाटेवरच असतात. अन् मला वेळ नव्हता.

दोन वर्षं भाऊजींनी माझं डोकं खाल्लं. शेवटी मी म्हटलं, जा बापा, तुम्हीच भरा. गेले की. ऐन जेठाच्या उन्हात, भर दुपारी, अनवाणी, हातात हिरवं लुगडं, खण अन् नारळ. पुजाऱ्यानं विचारलं, "भैया, घर में कोई महिला नहीं है?" भाऊजी म्हणाले, "है, मगर बिजी है."

परत आले अन् आमच्या ओट्यावर बसले. तळव्यांना टरटरून फोड आले होते. मी पायांवर पाणी ओतत होते अन् तोंडानं बोलत होते. "म्हातारीचे गुडघे गेले हे देवीले समजत नाही काय? तुम्ही तर मानतही नाही तिले."

"देवीचं सोडा वहिनी. मानसायले समजत नाही."

मग ते मिनूबद्दल बोलले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. लग्नानंतर बारा वर्षांनी झालेली त्यांची एकुलती पोरगी. कुंदाताईंनी, म्हणजे त्यांच्या बायकोनं, वऱ्हाडातल्या गावच्या देवीला पाळणा बोलला होता. पण राज्य नवीन, भोपाळहून ट्रक भरभरून फायली येऊन राहिल्या, साहेब सुट्टी देईना. दिवाळीत जाऊ, दिवाळीत जाऊ करता करता चार वर्षं गेली. मग मेंदूज्वर झाला अन् तीन दिवसांत मिनू गेली.

"ताप होता. डॉक्टरनं तसं लिहून देलं. पन तेरवीच्या दिवशी कोनीतरी कुंदाले म्हटलं, पाळणा राहिला म्हणून देवीनं पोरगी वापस नेली. तवापासून ती तेच घोकून राहिली. मोठमोठे डॉक्टर झाले, गोळ्या झाल्या. ते वाक्य काही निघत नाही तिच्यातून."

कुंदाताई कुठं जात नाहीत. हळदीकुंकवालाही नाही. गल्लीत पोरं खेळायला लागली की खिडकी लावून घेतात. आम्ही बायका त्याला घमेंड म्हणत होतो.

"म्हणून कोनाचं पेंडिंग राहू देत नाही मी," भाऊजी म्हणाले. "उद्या कोनाच्या घरी काही झालं, तर त्या घरच्या मायले असं म्हनायले कोनाले जागाच नको."

मी पाण्याचा मग खाली ठेवला. ते वाक्य माझ्या सासूबाईंचं होतं. तेरवीच्या पंगतीत मी बुंदी वाढत होते. कुंदाताईंच्या तोंडावर ते बोलून सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं, "नाही काय वं?" अन् मी म्हटलं होतं, "हव." सासू म्हणते त्याला हव म्हणायचं, तेवढीच अक्कल होती मला.

"कोण म्हणालं होतं, भाऊजी?" मी विचारलं.

ते गमछ्यानं पाय पुसत होते. "माहीत आहे मले," म्हणाले. "आज तिच्याच नवसाची ओटी भरून आलो ना."

अन् लंगडत लंगडत घरी गेले.

संध्याकाळी प्रसादाचा नारळ घेऊन मी कुंदाताईंकडे गेले. आज सांगायचंच ठरवलं होतं, की ते खोटं होतं, म्हातारी उगाच बोलली, मी उगाच मान डोलावली, तुमची काही चूक नव्हती. त्यांनी नारळ कपाळाला लावला. माझा हात धरला, सोडेचनात.

"रोहितचा नवस फिटला ना पुरा?" त्यांनी विचारलं. "काही राहिलं नाही ना? राहू देऊ नका हो. ती नेते वापस."

मी तोंड उघडलं.

"हव," मी म्हटलं.