तंटामुक्त कादंबरी

आमच्या गावात तंटाच उरला नोता. म्हंजे तंटे होते, पन तंटामुक्ती समितीच्या अध्यक्ष खुशालरावनं ते ज्याचे त्यानं घरातच ठेवाचा आदेश काढला होता. आता सरकारी बक्षिसासाठी समितीले एक तरी तंटा मिटवून दाखवा लागते. आनाव कुठून?

तेवढ्यात सचिव देवीदासची पोरगी रागिणी अमरावतीहून कादंबरी घेऊन आली. "यात नवरा तीनशे पानं बायकोले इचारते, तू माझीच आहेस ना? आन् बायको खिडकीबाहेर पायते. तो भावनिकदृष्ट्या असुरक्षित आहे."

"असुरक्षित? मंग पोलीस पाटलाले कळवा," खुशालराव म्हने.

"पाटलाले कायले? आपलाच तंटा हाय हा!" देवीदास उडालाच.

प्रकरन एकमतानं दाखल झालं. दोन्ही पार्ट्या गैरहजर, म्हनून नवऱ्याच्या जागी अध्यक्ष उभे रायले. बायकोच्या जागी त्याईचीच बायको रुख्मिणीकाकू, कारन दुसऱ्याची उभी केली असती त तंटा वाढला असता. काकू बडनेऱ्याले माहेरी निंगाली होती, थैली हातातच. या खेपेले वापस येत नाई, असं ती साऱ्या बायाईले सांगून चुकली होती. अध्यक्षाले तेवढं मालूम नोतं.

"खिडकीबाहेर काहून पायता?" देवीदासनं इचारलं.

"घरात हा मानूस मोबाइलमंदी पायते. म्या काय पंख्याले पाहू?"

"हे पुस्तकात नाई!" खुशालराव वरडले.

"लिहिनाऱ्याले लाज वाटली असन."

ठराव झाला: नवऱ्यानं घरात पाय ठेवताच मोबाइल बायकोजवळ जमा करावा. सगळ्यात जोरात टाळ्या अध्यक्षाच्या.

काकूनं थैलीचं तोंड उघडलं. "टाका."

"अवं, ठराव पुस्तकातल्याले लागू हाय!"

"मंग म्या निंगते."

फाट्यावर एसटीनं हॉर्न देल्ला. खुशालरावचं तोंड उतरलं. "वापस येशीन ना?"

"बाबा, पान बारा! हाच प्रश्न!" रागिणी किंचाळली.

खुशालरावनं मोबाइलकडे असं पायलं, जसं पोरगी सासरी चालली. मंग टाकला थैलीत. काकू खाली बसली. बसल्याबसल्या थैली देवीदासपुढं सरकवली.

"ठराव एकमतानं झाला ना, भाऊजी?"

देवीदास पयाला. त्याच्यामागं त्याची बायको, मंग सारी सभा. सांजलोक गावात घरोघरी तंटा. आता बक्षीस कुठं जात नाई.

हासून रायले ना तुमी? हासा. पन हे मोबाइलमंदी वाचता वाचता मघाशी घरातून कोनी आवाज देल्ला. आयकला का?