मानीव रावसाहेब

एक सांगून ठेवतो, सरकारशी भांडून जिंकलेला माणूस आमच्या पंचक्रोशीत एकच, आणि तो म्हणजे मी! लालासाहेब. नावात जन्मापासून साहेब, पण नोकरीत शेवटपर्यंत अव्वल कारकून. महसूल खात्यात कारकुनाला लोक ‘भाऊसाहेब’ म्हणतात आणि नायब तहसीलदार झाला की ‘रावसाहेब’. माझी पाळी आली तेव्हा माझा गोपनीय अहवाल कुठल्या तरी कपाटामागं पडला आणि माझ्या मागचा आप्पासो रावसाहेब झाला. कचेरीचं नाव सांगत नाही. दाखले काढायला अजून तिथंच जावं लागतं!

आता हा आप्पासो म्हणजे माझा शाळेपासूनचा जोडीदार. जीपमध्ये बसायला लागला तरी चारचौघांत मला ‘लाल्या’च म्हणायचा. दोघंही रिटायर झालो. एकदा मेढ्याच्या स्टँडवर चहा पिताना तोच म्हणाला, “लाल्या, तुज्यावर लय अन्याव झालाय गड्या. केस कर. रिटायर मानसाला बी मागल्या तारखेची बढती मिळती. चल, मी येतो संगं!”

गेलो साताऱ्याला. आप्पासो बाहेर बाकावर बसला. आत वकील म्हणाले, “तुमच्या आधी बढती मिळालेल्या ज्युनियरला प्रतिवादी करावंच लागतं. नुसती पद्धत असते हो. त्यांचं काही वाकडं होत नाही.”

“बाहेर जाऊन विचारू का त्याला?”

“विचारायचं कशाला? नोटीस जाईलच की!”

मी सही ठोकली. म्हटलं, एसटीत सांगू. तर एसटी सुटते न सुटते तोच आप्पासोनं कंदी पेढ्यांचा पुडा फोडला आणि पहिला पेढा माझ्याच तोंडात कोंबला. भरल्या तोंडानं ‘तुझ्यावर केस केलीय’ असं कसं सांगणार, तुम्हीच सांगा!

घरी संयोगितानं, म्हणजे आमच्या मंडळींनी, ऐकलं आणि कपाळाला हात लावला. “आवं, आत्ताच्या आत्ता जाऊन सांगून या!”

“उद्या सांगतो.”

तो उद्या काही उगवेना. मग मी डोकं चालवलं. इथंच सगळं बिघडलं. पोस्टमन ज्ञानूला गाठून म्हटलं, “आप्पासोचा कोर्टाचा कागद आला की माझ्याकडं दे.”

“तसं चालत न्हाई भाऊसाहेब. ज्याची त्याचीच सही लागती.”

ठीक! कागद यायच्या सुमाराला मी आप्पासो आणि त्याच्या बायकोला, बनुबाईंना, औदुंबरला दर्शनाला नेलं. दाराला कुलूप दिसलं की कागद माघारी जाईल, तोवर मला सांगायला धीर येईल, असा आपला बेत. पण ज्ञानू निघाला कामसू! परत आलो तर हा पठ्ठ्या मेढ्याच्या स्टँडवर, एसटीच्या दारातच उभा!

“आप्पा, तुमचा कोर्टाचा कागद येनार हाय, आसं भाऊसाहेब आदीच म्हनलं हुतं. म्हत्त्वाचा आसंल म्हनून हितंच घेऊन आलो!”

अख्खी एसटी ऐकत होती. आप्पासोनं चष्मा लावला. अर्जदार मी, प्रतिवादी तो.

“लाल्या... माज्यावर केस?”

“तू नुसता कागदावर हाईस रं! पद्धत असती!”

“मग ज्ञानूला म्हाईत, आन् मला न्हाई?”

प्रसादाची पिशवी माझ्या हातात देऊन तो घराकडं चालू लागला.

बोलणं बंद झालं. सकाळी जा, दुपारी जा, दारात बनुबाई. “झोपल्यात.” कुंभकर्ण बरा, तो निदान जेवायला तरी उठायचा! मी मात्र रात्रभर टक्क जागा.

सुनावणीला आप्पासो स्वतः आला. म्हटलं, आता हा चांगला वचपा काढणार! तर त्यानं लेखी दिलं, ‘अर्जदार माझ्याहून ज्येष्ठ आहेत. बढती आधी त्यांनाच मिळायला हवी होती.’ माझ्या वकिलांना जे सिद्ध करता येईना, ते त्यानं एका ओळीत करून टाकलं. मी जिंकलो! मिठी मारायला वळलो, तर गडी निघून गेलेला.

बढती मिळाली ती मानीव. म्हणजे कागदोपत्री मी मागल्या तारखेपासून नायब तहसीलदार, पण खुर्ची नाही, जीप नाही, शिपाई नाही. गावानं हार घातला, फोटो काढला आणि दुसऱ्या दिवशी परत, “काय भाऊसाहेब, निघाला कुठं?”

निघालो होतो आप्पासोकडं. तो स्टँडवरच चहा पीत बसलेला सापडला. मला बघितलं आणि उठून उभा राहिला. उपरण्यानं बाक पुसला.

“या रावसाहेब, बसा.”

सगळ्या तालुक्यात मला रावसाहेब म्हणणारा हा एकटा! आयुष्यभर ज्या हाकेची वाट बघितली ती ऐकून मला रडू आलं. थट्टा करतोय म्हणून तोंडाकडं बघितलं. हसत नव्हता.

“आप्पा, चुकलं माझं. लाल्या म्हण की रं!”

“छ्या! कोर्टानंच ठरीवलंय. तुमी वरचं, आमी खालचं. वरच्या सायबाला नावानं हाक मारत्यात व्हय?”

नोकरीत असताना बढती नाकारायची सोय असते. रिटायर झाल्यावर मिळालेली, आणि तीही भांडून मिळवलेली बढती नाकारता येते का, हे वकिलांना विचारायला उद्या साताऱ्याला निघालोय. एकटाच.