शेवटच्या डब्याची पाटी

निकमांच्या सॅकला मागे एक पाटी लटकत असे. पत्र्याची, पिवळी, तिच्यावर काळ्या रंगात दोन इंग्रजी अक्षरं: एल व्ही. लास्ट व्हेईकल, म्हणजे शेवटचा डबा. ही पाटी पाठीवर घेऊन निकम डोंगर चढत. तेवढंच असतं तर मी काही म्हटलं नसतं. पण नाशिकच्या इंदिरानगरातून आम्ही तिघं-चौघं रविवारी भाजीला निघालो, तरी ते पाटी अडकवून सगळ्यांच्या मागून चालत. दोनापेक्षा जास्त माणसं एका दिशेला चालली की निकमांच्या लेखी ती गाडी होती, आणि गाडीला गार्ड लागतोच.

निकम मनमाडला मालगाडीवर गार्ड होते. आमच्या सोसायटीत राहायला आले तेव्हा मी जिन्यात त्यांना माझं नाव सांगितलं, "मी गायधनी." त्यावर त्यांनी मला रेल्वे समजावून सांगितली. गाडी स्टेशनातून धडधडत जाते तेव्हा आपण इंजिनाकडे बघतो. स्टेशनातला माणूस शेपटाकडे बघतो. शेवटच्या डब्यावर पाटी दिसली म्हणजे गाडी अख्खी आली, मध्ये कुठे डबा तुटून राहिला नाही. पाटी दिसली नाही तर मागच्या गाडीला सिग्नल नाही. एवढं सांगून ते म्हणाले, "मी निकम," आणि वर निघून गेले.

पुढे कळलं की त्यांचं सगळं असंच. कुणी उशिरा आला की तो 'आउटरला उभा' होता, म्हणजे स्टेशनाबाहेर सिग्नलला अडकलेला. ट्रिपमध्ये कुणाला आडोशाला जायचं असलं की त्याला 'लूपवर घ्या', बाजूच्या रुळावर. लग्नात ते शेवटच्या पंगतीशिवाय बसत नसत, आणि बसायच्या आधी मांडवभर फिरून विचारत, "मांगे कोन शे?" हे त्यांच्या बागलाणातलं बोलणं. मागे कोणी राहिलंय का, एवढाच अर्थ. एरवी शुद्ध बोलत, पण हा प्रश्न त्यांना दुसऱ्या कुठल्या भाषेत विचारता येत नसे. सोसायटीत त्यांचं नाव 'शेपूट' पडलं. ते मी पाडलं.

दर वर्षी थंडीत ते आम्हाला साल्हेरला नेत. सहल हा शब्द त्यांना मान्य नव्हता. 'साल्हेर स्पेशल'. आठवडाभर आधी जिन्याखालच्या फळ्यावर थांबे लिहिले जात. सटाणा, चहा. ताहाराबाद, टायरची हवा. मुल्हेर, देवदर्शन, ऐच्छिक. मग वाटेवरच्या दोन वाड्या आणि शेवटी पायथ्याचं वाघांबे. तिथे मुक्काम निकमांच्या मेहुण्याच्या, काशिनाथच्या घरी. दुसऱ्या दिवशी उजाडताच किल्ला. काशिनाथ पुढे, तो इंजिन. मध्ये आम्ही डबे. सगळ्यात मागे शिट्टी, दोन झेंड्या आणि पाटी घेऊन निकम.

आणि त्यात मजा काय असायची. गारठ्यात तोंडातून वाफा निघतायत, डोंगर अजून निळे, आणि मागून शिट्टी. वाघांब्याच्या वरच्या वाडीत दगाजी नावाचे एक म्हातारबा होते. निकमांनी त्यांना कधीतरी शिकवून ठेवलं होतं. आमची रांग अंगणासमोरून जायची तेव्हा ते हातात हिरवं फडकं धरून उभे राहायचे, निकमांची पाटी दिसेपर्यंत. ती दिसली की फडकं खाली करून घरात जायचे. आमच्याशी एक शब्द नाही. एकदा माझी बायको शैला त्यांना नमस्कार करायला थांबली, तर ते म्हणाले, "चाला बाई, मागली गाडी अडती." मागे गाडी कसली, दोन म्हशी होत्या.

आता जे सांगायचं ते सांगतो. मी कमी बोलणारा माणूस. शैलाच्या मते माझ्याशी संसार म्हणजे बंद दुकानासमोर उभं राहण्यासारखं आहे. तर या दुकानातला सगळ्यात जुना माल असा: मला उंचीची भीती वाटते. हे मी कुणालाही, शैलालाही, सांगितलेलं नव्हतं. मी गुडघ्याचं कारण सांगायचो. साल्हेरला गुहेपर्यंत जमत असे, कारण तिथवर एका अंगाला कडा असतो, हात टेकायला दगड असतो. गुहेच्या वर मात्र काही नाही. घसरडी चढण, टोकावर परशुरामाचं लहानसं देऊळ आणि चारही बाजूंना आकाश. मी गुहेशी बसकण मारायचो आणि गुडघा चोळायचो.

मग निकमही माझ्याशेजारी बसायचे. लागोपाठ दोन वर्षं बसले. मी म्हणायचो, तुम्ही जा. ते म्हणायचे, "डबा सोडून गार्ड पुढे जातो का?" आणि शेंगदाणे-गूळ काढायचे. मला वाटायचं, माणसाचं वय झालंय, माझ्या गुडघ्याच्या आडोशाने दम खातोय. मनातल्या मनात मी त्याच्यावर उपकारही करत होतो.

वर जाणाऱ्यांना सोडण्याआधी गुहेशी निकमांची घोषणा व्हायची. आवाज थेट फलाटावरचा. "टोकावर पोचल्यावर सूर्याकडे तोंड करून उभं राहायचं. उजव्या हाताला मांगी-तुंगीची दोन शिखरं. समोर गुजरातचं डांग, नुसतं जंगल. पाठीशी साल्होटा, हा आपला जोडकिल्ला. धक्काबुक्की करू नये." कुणीतरी वरून आल्यावर म्हणालं होतं की काका, ते तसं दिसत नाही. निकम म्हणाले, "तुम्ही उलटे उभे असाल."

शेवटची स्पेशल निघाली त्या वर्षी निकम रिटायर होणार होते. महिन्याभरात बिऱ्हाड हलवून मुलाकडे सुरतेला. निकमवहिनींना संधिवात होता, बोटं वाकडी झालेली, घराबाहेर पडणं बंद. खिडकीजवळच्या कॉटवरून त्या आमची गाडी सुटताना बघायच्या. त्या दिवशी निकमांनी खालून त्यांना हिरवी झेंडी दाखवली आणि त्यांनी पदर हलवला.

वाघांबेला काशिनाथच्या ओट्यावर नागलीच्या भाकरी आणि कुळथाचं पिठलं चाललं होतं. भाकरी वाढता वाढता काशिनाथची बायको निकमांना म्हणाली, "दाजी, औंदा तरी वर जाशात का नही?"

काशिनाथ हसला. "गार्डाचा डबा हाय तो. गाडी लांब असली का त्याला फलाट पुरत नाय. बाहेरच उभा राहतो."

सगळे हसले. मीही हसलो आणि घास तोंडातच राहिला. मी काशिनाथला बाजूला घेऊन विचारलं. तो सहज म्हणाला, दाजी एकदाबी टोकावर गेले नाहीत. दर साली कोणी ना कोणी गुहेशी बसतंच. कोणाला धाप, कोणाचा बूट, कोणाला चक्कर. मग दाजी त्याच्याजवळ. "आन् आक्काला सोता बघून टोकावरचं सांगायचं राहून जातं," तो म्हणाला. आक्का म्हणजे निकमवहिनी. त्या याच घरातल्या. लहानपणी रोज अंगणातून हे टोक बघायच्या, पण पोरींना कोण वर नेतं. लग्नानंतर त्यांनी नवऱ्याकडे मागितलं ते एवढंच, की मला एकदा वर न्या. नोकरी, मुलं, मग सांधे. शेवटी वहिनीच म्हणाल्या, मी राहू दे, तुम्ही बघून या आणि मला सांगा. तेव्हापासून ही स्पेशल.

"मग एकटे का नाही जात कधी?" मी विचारलं.

"इचारलं होतं," काशिनाथ म्हणाला. "म्हणले, गाडी नसली तर गार्ड कसला? नुसता मानूस."

दुसऱ्या दिवशी गुहेशी पोचलो. आकाश इतकं स्वच्छ होतं की माझी भीतीसुद्धा चकचकीत झाली होती. घोषणा झाली, मंडळी वर गेली, शैलाही गेली. निकम माझ्याशेजारी बसले आणि गुळाची पुडी सोडू लागले. त्यांनी वर पाहिलंसुद्धा नाही. इतक्या वर्षांची सवय.

मी म्हणालो, "निकम, माझ्या गुडघ्याला काही झालेलं नाही."

"माहीत आहे," ते म्हणाले. "गुडघा दुखतो ज्याचा, तो उतरताना कण्हतो. तुम्ही चढताना कण्हता. घ्या, शेंगदाणे घ्या."

"मला उंचीची भीती वाटते."

गूळ फोडता फोडता ते म्हणाले, "मला बोगद्याची वाटायची. गार्डाच्या नोकरीत. कुणाला सांगणार?"

मी उठलो. म्हणालो, "चला. गाडी वर न्यायची आहे." त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग टोकाकडे पाहिलं, आणि पुडी इतक्या घाईने खिशात कोंबली की अर्धे दाणे सांडले. मालगाडीच्या गार्डाला मी पहिल्यांदा घाई करताना पाहिलं.

त्या चढणीचं वर्णन मी करू शकणार नाही, कारण बराच वेळ माझे डोळे मिटलेले होते. मी हातापायांवर चढत होतो. चाळिशी ओलांडलेला, पोट सुटलेला माणूस, तोंडात माती. दगड सुटून खाली जात आणि मागून निकम शांतपणे म्हणत, "जाऊ द्या, तो आपल्या गाडीतला नाही." मी थिजलो की ते शिट्टी वाजवत. "खाली बघू नका. मागे तर बघूच नका, मागे मी आहे." एका जागी मी रडलो, हेही आता सांगून टाकतो. त्यांनी ते ऐकलं आणि मोठ्याने खोकत राहिले, म्हणजे वरच्यांना ऐकू जाऊ नये. वरून शैला ओरडून विचारत होती की अहो, गुडघा? आणि तिच्याभोवती सगळी सोसायटी टाळ्या वाजवत होती. माझ्या लग्नातसुद्धा माझ्यासाठी एवढा गलका झाला नव्हता.

देवळाजवळ पोचून मी जमिनीला चिकटून बसलो. काशिनाथ पुढे आला, डोक्याचा रुमाल सोडला आणि म्हणाला, "दाजी, पाठ दाखवा. पाटी दिसल्याशिवाय गाडी आली असं कसं म्हनू?"

नियम म्हणजे नियम. निकम गर्रकन फिरले, पाटी काशिनाथकडे झाली आणि तोंड दरीकडे. काशिनाथने रुमाल हलवला. "गाडी पूर्ण."

सगळे हसले. निकम मात्र वळलेच नाहीत. ते तसेच उभे राहिले, आमच्याकडे पाठ करून, पाटी वाऱ्यावर टकटक वाजत होती. डोळ्यांवर हात धरून त्यांनी सूर्याकडे पाहिलं, मग डावीकडे, मग उजवीकडे, मग पुन्हा डावीकडे. खाली वाघांब्याची घरं खड्यांसारखी दिसत होती. त्यातलं एक ते बोटाने शोधत होते.

मग माझ्याजवळ येऊन, रूळ उखडल्यासारख्या आवाजात म्हणाले, "गायधनी, मांगी-तुंगी डावीकडे आहे. साल्होटा समोर. आणि डांग पाठीशी. इतकी वर्षं मी सगळी घोषणा उलटी केली."

वरून येऊन त्यांना हे सांगणारे लोक मावळतीकडे तोंड करून उभे राहिले असणार; 'सूर्याकडे' हा शब्द, आपण सकाळी चढतो म्हणून, निकमांनी आपल्या पदरचा घातला होता. उतरताना त्यांनी प्रत्येक डब्याजवळ थांबून दिलगिरी व्यक्त केली. नाशिकला परतल्यावर आधीच्या वर्षांच्या प्रवाशांच्या घरी जाऊनही केली. आमच्या खालच्या मजल्यावरच्या आजोबांना काही आठवेना, तर निकमांनी त्यांना सगळी ट्रिप पहिल्यापासून सांगितली आणि मग दुरुस्ती केली.

सामान बांधायला मदत म्हणून मी एका सकाळी त्यांच्याकडे गेलो. निकम आत चहा करत होते. वहिनी कॉटवर होत्या, वाकड्या बोटांनी खोक्याची सुतळी ओढत. मी सुतळी हातात घेतली आणि उगाच काहीतरी बोलायचं म्हणून म्हणालो, यंदा निकमांनी टोकावरचं सांगितलं असेल ना.

"सांगितलं की. दर साली सांगतात." त्यांनी आतल्या दाराकडे पाहिलं आणि आवाज उतरवला. "भाऊ, माझं माहेर तिथलं. दिवस उगवतो त्याच्या डाव्या अंगाला मांगी-तुंगी, हे आमच्या अंगणातूनबी दिसतं. हे दर साली उजवीकडे सांगायचे. मी म्हणायची, हो का."

"कधी बोलला नाहीत?"

"काय बोलायचं. कोणासाठी तरी बसले असतील खाली." सुतळीचं टोक त्यांनी माझ्या हातात दिलं. "औंदा आले, कॉटवर बसले, बूट नाय काढले. म्हणाले, डावीकडे."

आतून निकमांचा आवाज आला, चहाला कोण कोण आहे, मांगे कोन शे? वहिनींनी पदराने डोळे पुसले आणि ओरडून सांगितलं, कोणी नाही, सगळे आलेत.