न हलणाऱ्यांची मोजणी

आमच्या किनारा खात्यात समुद्रातले जीव दरवर्षी मोजले जातात आणि त्यासाठी पाण्यात उतरतो तो मी, खात्याचा एकुलता एक पाणबुड्या. मोजणीचा नियम एकच : जे हलत नाही ते मोजायचं. मासा पळतो, फिरून येतो, दोनदा मोजला जातो आणि मग वरून आक्षेप येतो. त्यामुळे मासा आमच्या कागदावर नाही. समुद्री साळिंदर मात्र आहे. हा लिंबाएवढा काटेरी गोळा खडकाला चिकटून शेवाळ खात बसतो आणि मोजणीस संपूर्ण सहकार्य करतो.

एका वर्षी आकडा दोनशेने घटला. साहेबांनी मला समोर उभं केलं.

"कुठे गेली दोनशे साळिंदरं?"

"पाणमांजरांनी खाल्ली, साहेब. पाठीवर तरंगतात, छातीवर दगड ठेवतात आणि त्यावर आपटून फोडतात."

"खात्याचा आकडा फोडतात?" साहेबांनी चष्मा काढला. "कोणाच्या परवानगीनं?"

परवानगी नव्हती. पाणमांजरांच्या नावे नोटीस काढून खडकावर चिकटवली. विहित मुदतीत खुलासा आला नाही. एकोणीस पाणमांजरं पिंजऱ्यात घालून लांबच्या खाडीत रवाना केली.

माझे सासरे त्याच पाण्यात जाळं टाकायचे. बातमी ऐकून ते घरी आले.

"जावईबापू, पाणमांजर गेलं की हे गोळे शेवाळाचं सगळं रान फस्त करतील. मासे वाढतात ते त्या रानात. मग आम्ही काय करायचं?"

मामांचं म्हणणं मला पटलं. तसं लेखी दिलं. साहेबांनी शेरा मारला : 'शेवाळ लाटेबरोबर हलते. सबब मोजणीत नाही. दखल घेण्याचे कारण नाही.' त्यानंतर मी तोंडाला कुलूप लावलं. नोकरी मलाही प्यारी होती.

काही वर्षांत आकडा दोन हजारांवरून एकसष्ट हजारांवर गेला. खाली उतरलं की नुसता खडक आणि काटे, शेवाळाचं एक पातं नाही. एक गोळा फोडून पाहिला तर आत पोकळ. उपाशी होते सगळे, पण मरत नव्हते.

"जिवंत आहेत ना?" साहेब म्हणाले. "मग मोज."

खात्याला ढाल मिळाली, मला बढती. मामांच्या जाळ्यात मात्र मासा येईना. होडी किनाऱ्यावर पालथी पडली आणि मामा तिला टेकून दिवसभर बसू लागले. मला तिथून जायची लाज वाटायची, म्हणून मी मागच्या वाटेनं ऑफिसला जायचो.

तेवढ्यात खात्याने मोजणी जमिनीवर आणली. 'किनारा विकास लाभार्थी गणना.' नियम तोच. माझी सुरुवात मामांपासून झाली.

"मामा, जरा हलू नका."

"हलून जाऊ कुठे?" ते म्हणाले. माझ्याकडे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही.

लाभार्थी क्रमांक एक. अक्षर मी सुवाच्य काढलं.

यंदा गणना घरोघरी पोहोचली आहे. तुम्हीही मघापासून जागचे हललेले नाहीत, त्यामुळे तुमची नोंद मी करून घेतली आहे. आत पोकळ आहे का, हा रकाना नमुन्यात नाही.