ब गटाचे उरलेले नऊ सामने

कोणत्याही संस्थेचा मोठेपणा तिनं पार पाडलेल्या कामावरून ठरत नाही, तो शिल्लक ठेवलेल्या कामावरून ठरतो. या कसोटीला सोलापुरातली ब गटाची फुटबॉल लीग पुरेपूर उतरली होती. (ब गट म्हणजे अ गटाच्या खालचा. ब गटाच्या खाली फक्त प्रेक्षक येतात, आणि तेही मोजकेच.) आठ संघ, प्रत्येकानं प्रत्येकाशी एकदा खेळायचं, म्हणजे अठ्ठावीस सामने. ऑक्टोबरात नारळ फुटला, मार्चची आठ तारीख उजाडली, तोवर एकोणीस झाले. उरले नऊ. हंगाम एकतीस मार्चला संपलाच पाहिजे असा नियम होता, आणि तो कडक नियम ईश्वरप्पांनी स्वतःच केला होता.

ईश्वरप्पा लीगचे वेळापत्रक चिटणीस. आयुष्यभर गिरणीत टाइमकीपर होते. गिरणी बंद पडली, भोंगा बंद पडला, पण अप्पांची वेळेची आवड काही बंद पडली नाही. भवानी पेठेतल्या घरात त्यांनी भिंतीवर मोठा तक्ता लावला होता. त्यात आडवे संघ, उभ्या तारखा आणि मधल्या चौकटींत लाल, हिरव्या, निळ्या पेन्सिलीच्या खुणा. सुंदरम्मा, म्हणजे त्यांची बायको, त्या भिंतीवरचं कॅलेंडर काढावं लागलं म्हणून सहा महिने चिडून होती. दूधवाल्याचा हिशेब लिहायचा कुठं, हा तिचा साधा प्रश्न होता. अप्पांनी तिला एक चौकट देऊ केली.

आता नऊ सामने शिल्लक का राहिले, हे नीट समजून घेतलं पाहिजे, नाहीतर उगाच समितीला नावं ठेवली जातील. दोन सामने मैदानात लग्नाचा मांडव घातल्यामुळं राहिले. एक सामना भव्य सेलमुळं राहिला (त्यात दोन्ही संघांच्या खेळाडूंनी खरेदी केली, हे नमूद केलं पाहिजे). एकात चेंडू शेजारच्या विहिरीत गेला आणि विहिरीच्या मालकानं तो दिला नाही. उरलेले पाच पाण्यामुळं राहिले. पाऊस नव्हे, पाणी. नळाचं.

नळाला पाणी पाचव्या दिवशी येतं, हे सगळ्यांनाच माहीत असतं, पण त्याचा फुटबॉलवर होणारा परिणाम आजवर कुणी शास्त्रशुद्ध मांडला नव्हता. तो अप्पांनी मांडला. शहरातले सात संघ पाच पेठांतले, आणि पाच पेठांना पाच वेगवेगळ्या दिवशी पाणी. ज्या दिवशी पाणी, त्या दिवशी संघ येणार नाही, कारण संघ घागरी, बॅरल आणि टाकी यांच्यामध्ये पळत असतो. पाण्याच्या दुसऱ्या दिवशीही येणार नाही, कारण त्या दिवशी पाच दिवसांचं धुणं निघतं आणि जर्सी ओली असते. पाण्याच्या आदल्या दिवशी तर नाहीच नाही. त्या दिवशी घरातलं पाणी तळाला गेलेलं असतं, आणि घामाघूम होऊन आलेल्या पोराला आंघोळीला तांब्याभर पाणी देणारी आई अख्ख्या सोलापुरात नाही. पाचातले तीन दिवस असे गेले. राहिले दोन.

एका संघाचे हे दोन दिवस आणि दुसऱ्या संघाचे दोन दिवस जुळले की सामना. यातून अप्पांनी जो सिद्धांत काढला तो कुठल्याही विद्यापीठानं अजून स्वीकारलेला नाही. ज्या दोन पेठांच्या पाळीत दोन दिवसांचं अंतर आहे, त्यांची गाठ या जन्मी पडू शकत नाही. त्यावर तोडगा म्हणून पोटनियम चौदा आला: अशा सामन्यात संयोजकांनी प्रत्येक खेळाडूला परतताना एक बादली पाणी द्यावं. (राखीव खेळाडूला अर्धी.)

पाण्याचा प्रश्न नसलेला एकच संघ होता, मोडनिंबचा. पण त्यांना शेतीच्या लाईटची पाळी होती. एक आठवडा लाईट दिवसा, एक आठवडा रात्री. दिवसा असली की ते रानात, रात्री असली की रात्रभर पिकाला पाणी देत दारं धरून सकाळी मैदानात. त्यांचा सेंटर फॉरवर्ड उभ्या उभ्या डुलक्या घ्यायचा. या हंगामात तो एकवीस वेळा ऑफसाइड सापडला, त्यातले तेरा वेळा झोपेत.

आठ मार्चच्या बैठकीत अप्पांनी हा तक्ता उलगडला तेव्हा समितीनं एकसाथ माना डोलावल्या. कौतुकानं. लीगच्या रेफ्री उत्कर्षा मॅडम (शाळेत पीटी शिकवायच्या, शिट्टी स्वतःची आणायच्या) तेवढ्या म्हणाल्या, "अप्पा, तुमी एवढी पाण्याला मॅच जुळवताय, त्यापेक्षा पाणी रोज का येत न्हाई ते जाऊन इचारलं तर?"

सगळे खळखळून हसले. बाई नवीन होत्या. अप्पांनी इतिवृत्तात नोंद केली: 'विषयपत्रिकेबाहेरचा प्रश्न. चहा घेण्यात आला.'

तर मग सामने लागले. नऊपैकी पहिले आठ तीन आठवड्यांत उरकले, आणि खरं सांगायचं तर अप्पांना तरुण झाल्यासारखं वाटलं. राहिला शेवटचा, तीस मार्चचा. भवानी पेठ विरुद्ध मोडनिंब. भवानी पेठेचे तेरा गुण, मोडनिंबचे अकरा. बरोबरी झाली तरी भवानी पेठ अ गटात. मोडनिंब जिंकलं तर मोडनिंब अ गटात.

भवानी पेठेला अ गट कधी बघायला मिळाला नव्हता. त्यातही गोलकीपर भीमाला. भीमा टॉवेलच्या कारखान्यात मागावर, वय एक्केचाळीस, ब गटात एकोणीस वर्षं त्याच दोन खांबांमध्ये उभा. त्याच्यासमोर पोरं आली, अ गटाच्या संघांत गेली, लग्नं करून पुण्याला गेली. भीमा तिथंच. डाव्या गुडघ्यात पाणी झालेलं (पाण्याचा एवढाच नियमित पुरवठा त्याला होता). डॉक्टर म्हणाला होता, हा शेवटचा हंगाम.

सामन्याच्या आठवडाभर आधी तो अप्पांच्या दारात आला. "अप्पा, एकच मॅच. अ गटाची एकच मॅच खेळू द्या मला. मग पायतानासंगं हातमोजं बी ठिवून देतो."

"वेळापत्रक पक्कं हाय भीमा," अप्पा म्हणाले. "सत्तावीसला पाणी, एक एप्रिलला पाणी. तीस तारीख बरोबर मधी. परमेश्वर आला तरी हलणार न्हाय."

परमेश्वराची खात्री होती, चावीवाल्याची नव्हती. भवानी पेठेच्या पाण्याची चावी ज्ञानबाच्या हातात. लोखंडी दांडा घेऊन तो रस्त्यावरचं झाकण उघडायचा आणि दांडा फिरवायचा, की पेठेत पाणी. कधी सकाळी, कधी दुपारी. कधी पाळी एक दिवस पुढं, कधी मागं. मग अप्पांनी एक दूरदर्शी पाऊल उचललं. त्यांनी ज्ञानबाचा जाहीर सत्कार केला. टॉवेल, टोपी, नारळ, हार आणि 'पाणीदार व्यक्तिमत्त्व' असं लिहिलेलं मानपत्र.

ज्ञानबाच्या डोळ्यांत पाणी आलं (वेळेवर). "तीस वरसं चावी फिरवतोय," तो हुंदका आवरत म्हणाला, "आजवर लोकांनी आयभैनीवरनंच हाक मारली. टॉवेल पयल्यांदाच. अप्पा, तुमच्या फायनलला ह्यो ज्ञानबा बी कायतर देतो का न्हाई बघा!"

अप्पांना वाटलं, चषक देतोय. इतिवृत्तात नोंद झाली: 'श्री. ज्ञानबा यांनी अंतिम सामन्यास भरीव सहकार्य जाहीर केले. टाळ्या.'

तीस तारखेला सकाळी भीमाची बायको येसूबाईनं त्याच्या गुडघ्याला पट्टी बांधली. ती म्हणाली, "आज काय बी होऊ द्या, आग लागली तरी हलू नका. घराचं मी बघते, साक्षी बी हाय." साक्षी त्यांची लेक. तिनं बापाचे हातमोजे आदल्या रात्री पिण्याच्या पाण्यात धुतले होते. पाणी अजून तीन दिवस पुरवायचं असताना एवढी माया कुणी दाखवत नाही.

सामना रंगला. म्हणजे गोल झाला नाही. मोडनिंबनं सतरा फटके मारले, भीमानं सतरा अडवले, त्यातले दोन तोंडानं. प्रेक्षकांत भवानी पेठेतले दोनशे जण होते (अप्पांच्या मोजणीनुसार, मैदानाच्या मालकाच्या मोजणीनुसार चाळीस). एक्क्याऐंशी मिनिटं झाली. शून्य-शून्य. नऊ मिनिटं राहिली. अप्पा टेबलाशी बसून घड्याळ बघत होते आणि आतून असे फुलले होते, की त्यांना स्वतःचीच लाज वाटत होती.

आणि बाकावरच्या पिशवीतले फोन वाजायला लागले. पिशवीत संघाचे सगळे फोन होते. एक वाजला, दोन वाजले, मग सगळेच. राखीव खेळाडू सुमितनं एक उचलला, ऐकलं आणि मैदानाकडं तोंड करून बोंब ठोकली:

"पाणी आलं रं!"

ज्ञानबानं शब्द पाळला होता. फायनलची भेट म्हणून त्यानं भवानी पेठेला दोन दिवस आधी पाणी सोडलं. तेही दाबानं. (त्यासाठी दुसऱ्या एका पेठेचं वळवलं. त्या पेठेचा संघ सहाव्या क्रमांकावर होता, त्यामुळं तक्रारीला वजन नव्हतं.)

पुढचं सगळं मिनिटाभरात झालं. डावा बॅक चेंडू पायात असताना तसाच गेटाकडं वळला. कॅप्टन आधी गेला, मग बाकीचे. राखीव खेळाडू, प्रशिक्षक, प्रेक्षक, चणेवाला, सगळे. मोडनिंबचेही चौघे पळाले, कारण त्यांची आत्या भवानी पेठेत दिलेली होती आणि तिला कंबरदुखी होती. मोडनिंबचे राहिले सात. नियमानुसार संघात किमान सात लागतात.

भवानी पेठेचा राहिला एक.

"आरं थांबा की!" भीमा खांबाला धरून ओरडत होता. "नऊच मिंटं राह्यलीत! आरं पाणी कुटं पळून जातंय का?"

टेबलावरचा अप्पांचा फोनही वाजला. सुंदरम्मा. "टाकी रिकामी हाय, आन् मला एकटीला घागर उचलत न्हाई. येताय का तितंच ऱ्हाताय?" अप्पा उठले. गेटापाशी त्यांनी एकदा वळून पाहिलं. एवढ्या मोठ्या मैदानात भीमा एकटा, हात पसरून उभा, आणि समोर मोडनिंबचे सात जण चेंडू पायाशी घेऊन अवघडल्यासारखे उभे. अप्पा दोन पावलं मागं फिरले. खरंच फिरले. मग टाकी डोळ्यांसमोर आली आणि ते पळाले. अडुसष्टाव्या वर्षी ते असे पळाले, की सुमितच्या पुढं घरी पोचले.

पाणी संध्याकाळी पाचला गेलं. सहाला उत्कर्षा मॅडमचा अहवाल आला, तो असा: 'सामना ८१व्या मिनिटाला थांबला. भवानी पेठ संघाचे मैदानावरील खेळाडू: एक. तो जायला तयार नव्हता.' अप्पांनी नियमपुस्तक काढलं. सातपेक्षा कमी खेळाडू असलेला संघ हरला. मोडनिंबचे चौदा गुण, भवानी पेठेचे तेरा. मोडनिंब अ गटात. नियम अप्पांनीच लिहिला होता, सुवाच्य अक्षरात.

सातला भीमा आला. हातमोजे अजून हातातच. अप्पा शेवटची घागर ओट्यावर चढवायला धडपडत होते. भीमानं ती त्यांच्या हातून अलगद घेतली आणि वर ठेवली. थेंबही सांडला नाही.

"काय लिवलं अप्पा?"

अप्पांनी सांगितलं. भीमानं एकेक करून हातमोजे काढले आणि घागरीशेजारी ठेवले.

"पुढच्या हंगामात बघू की," अप्पा म्हणाले. "आतापासनंच तक्ता करायला घेतो. चावीवाल्याचं बी बघतो."

"पुढच्या हंगामाला गुडघं न्हाईत, अप्पा." मग तो दारात थांबला. "त्या उत्कर्षा मॅडमनी मिटिंगीत इचारलं हुतं म्हणं, पाणी रोज का येत न्हाई म्हणून. मग? कोण गेलं का इचारायला?"

अप्पांनी इतिवृत्त उघडलं आणि बोट फिरवत ती ओळ शोधून काढली. 'विषयपत्रिकेबाहेरचा प्रश्न. चहा घेण्यात आला.' त्यांनी ती दोनदा वाचली. त्या दिवशी सगळे एवढे का हसले होते, हे काही केल्या त्यांना आठवेना.

तुम्हाला आठवत असेल. तुम्हीही तिथं हसला होता, आणि मॅच कुठल्या तारखेला लागली ते बघायला पुढं निघून आला होता.